दिवा वाढव

चहाला जरा वेळ लागेल. विजेची शेगडी आहे, तिच्या मनात येईल तेव्हा ती तापते. मघाशी तुम्ही हसत विचारलंत, रॉक, सगळं आयुष्य गॅसच्या कामात गेलं आणि घरात साधी काडेपेटीसुद्धा नाही? चहा होईपर्यंत तेच सांगतो. विश्वास ठेवा असं म्हणणार नाही. मध्येच उठू नका, एवढंच.

दोन हजार सालचा डिसेंबर होता. त्या वर्षी रमझान आणि नाताळ एकाच महिन्यात आले होते. मी तेव्हा अल हैलला एका मेन्टेनन्स कंपनीत होतो. लोकांच्या व्हिलांमधले एसी, गीझर, नळ सांभाळायचे आणि रात्री येऊन सहाजणांच्या खोलीत वरच्या बंकवर पडायचं. दुसऱ्यांचं पाणी गरम करता करता मला चार वर्षं झाली होती, मध्ये एकदाच महिन्याची सुट्टी मिळाली होती. बायको उर्सुला वसईला, नंदाखालात. मुलगी अ‍ॅश्ली दोन वर्षांची. तिच्या लेखी मी म्हणजे शोकेसमधला फोटो. फोनवर ‘डॅडीला पापा दे’ म्हटलं की ती जाऊन काचेला पापा द्यायची, असं उर्सुला हसून सांगायची. मला हसू यायचं नाही.

मग एक दिवस अर्बाब, म्हणजे आमचा ओमानी मालक, म्हणाला, समुद्राकडच्या गल्लीत एक जुनं घर पडून आहे, ते घे. राहण्याजोगं करून दाखव, मी फॅमिलीचा व्हिसा करून देतो. मला आकाश ठेंगणं झालं. ड्यूटी संपली की तिथे जायचो आणि एकटाच भिंती घासायचो, रंग द्यायचो. तिकिटं निघाली, नाताळच्या आठवड्यात दोघी येणार हे ठरलं. आता अर्बाबचा माणूस येऊन घर बघून जाणार होता. त्याने नाक मुरडलं असतं तर घर गेलं असतं, घराबरोबर व्हिसा गेला असता आणि मी पुन्हा शोकेसमध्ये.

सगळं झालं होतं, गरम पाणी तेवढं राहिलं होतं. ओमानमध्ये थंडी कसली, असं तुम्ही म्हणाल, पण डिसेंबरात समुद्रावरचं वारं अंगाला चिकटतं. दोन वर्षांच्या पोरीला थंड पाण्याने आंघोळ कशी घालणार? स्वयंपाकघराच्या मागे एक अरुंद खोली होती आणि तिच्या भिंतीवर पांढऱ्या कपाटाएवढा गॅसचा गीझर. इथे घरोघरी विजेचे गीझर असतात. हा कुणा हौशी डच इंजिनिअरने आपल्या देशातून आणून बसवलेला. असल्या गीझरच्या पोटात एक बारकी ज्योत रात्रंदिवस जळत असते. तिला पायलट म्हणतात. नळ सोडला की ती मोठ्या बर्नरला पेटवते. ती ज्योत तपासायची आणि लावायची, एवढंच काम घेऊन मी त्या संध्याकाळी गेलो.

शेजारी बाबामियाँचं किराणा दुकान होतं. माणूस श्रीवर्धनचा, दाढी मेंदीने लाल केलेली, तोंडात सतत एखादी म्हण. दुकानाला फळी लावता लावता मला म्हणाला, “रोजा सुटला की तुझ्यासाठी थाली घेऊन येतो. एकट्यानं उपाशी काम करू नको, बाबा. रिकाम्या पोटात वारा शिरतो.”

मी म्हटलं, “चाचा, मी ख्रिश्चन, माझा कुठे रोजा?”

“भुकेला कुठं जात असतं,” असं म्हणून तो गेला.

हे पायलटचं काम घाईने करायचं नसतं. आधी कुठल्याही बटणाला हात लावायचा नाही, दिव्याच्यासुद्धा नाही. दारं-खिडक्या उघडायच्या. मग गुडघ्यांवर बसून नाक जमिनीशी न्यायचं, कारण सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड, तो खाली साचून राहतो. उभ्याने हुंगणाऱ्याला वास लागेपर्यंत उशीर झालेला असतो. वास आला तर सिलिंडर बंद करून मुकाट बाहेर पडायचं. नाही आला तरी जरा थांबायचं, मग चावी पायलटवर आणून दाबून धरायची आणि काडी लावायची. ज्योतीने धरलं तरी चावी लगेच सोडायची नाही. आता ज्योतीचा रंग बघायचा. निळी आणि ताठ असेल तर ती शहाणी. पिवळी असेल, लोळत असेल, तर तिला हवा कमी पडते आहे. जिला हवा कमी पडते, ती ज्योत खोलीत विष सोडते. त्या विषाला वास नसतो. माणसाला फक्त झोप येते.

शेवटी एक उदबत्ती पेटवून गीझरच्या छत्रीखाली धरायची. धूर वर धुराड्यात ओढला गेला तर ठीक. परत खोलीत आला तर धुराडं बुजलंय असं समजायचं आणि सगळं बंद करायचं.

यातली एकही गोष्ट मी त्या दिवशी चुकलो नाही. खिडक्या उघड्या होत्या, ज्योत निळी होती, उदबत्तीचा धूर सुतासारखा वर गेला. मी तिथेच पालथ्या बादलीवर बसलो. थोडा वेळ ज्योतीवर नजर ठेवायची आमच्यात पद्धत आहे.

तेवढ्यात मगरिबची अजान झाली आणि रस्ता एकदम रिकामा झाला. रमझानात रोजा सुटायच्या वेळेला कधी गावाबाहेरचे म्हणून रस्त्यावर राहिला आहात का? सगळं शहर एकाच वेळी आपापल्या घरात शिरतं आणि पानावर बसतं. गाडी नाही, हॉर्न नाही, पोरांचा आवाज नाही. आपण कुणाच्याच घरात नाही हे त्या वेळी जेवढं कळतं तेवढं एरवी कळत नाही. खिडकीतून समुद्राचा ओला वास येत होता, त्यात वाळत घातलेल्या मासळीचा आणि माझ्या नव्या रंगाचा. उजेड कमी होत गेला. ज्योत तेवढी निळी दिसत राहिली.

आणि स्वयंपाकघरातून बाईचा आवाज आला.

“वाढू?”

असंच ऐकू आलं मला. आपल्याकडे बाई ‘वाढू?’ असं कधी विचारते, तुम्हाला सांगायला नको. पान मांडलेलं असतं, भाताची वाफ येत असते, आणि ती पळी हातात घेऊन उभी असते. त्या एका सुट्टीनंतर मला कुणी तसं विचारलं नव्हतं. खरं तर भीती वाटायला हवी होती. मला भूक लागली.

उठून बघितलं. स्वयंपाकघर रिकामं होतं. ओट्यावर माझा रंगाचा डबा आणि ब्रश. शेजारच्या घरात कुणी मराठी बाई आली असेल, खिडकीतून आवाज आला असेल, अशी मी समजूत घातली आणि परत येऊन बादलीवर बसलो.

“वाढवला…”

आता आवाज जवळून आला. कोवळा, जपून बोलणारा. फोनवर कुणी मोठं माणूस काही सांगतंय आणि पोरगी ते करून त्याला कळवतेय, तसा.

“वाढवला… अजून वाढवू?”

मी ज्योतीकडे बघितलं. ती पिवळी झाली होती. शेंड्याला काजळी धरत होती आणि बोटभर लांब होऊन डुलत होती. कुठेही नळ सोडलेला नसताना मोठा बर्नर आपोआप पेटला आणि आतल्या आत घोंघावू लागला. चावीला हात घालायचा म्हणून मी उठायला गेलो, पण पाय जागचे हलेनात. डोकं कपाळातून ठणकत होतं. मी उघडलेल्या खिडकीकडे वळून बघितलं, तर ती बंद होती. कडीसकट.

“अजून वाढवू…?”

आता माझ्या तोंडून काय निघालं ते नीट ऐका, कारण पुढचं सगळं त्यावर आहे. आमच्या आईने मरेपर्यंत कधी ‘दिवा विझव’ म्हटलं नाही. रोजरी संपली की ती म्हणायची, “रॉक, दिवा वाढव.” नारळ फोडत नाहीत, वाढवतात. बांगडी फुटत नाही, वाढते. तसा दिवाही वाढवायचा. विझव हा शब्द तिन्हीसांजेला घरात उच्चारायचा नाही, कारण विझतो तो माणूस. आमच्या वाडवडिलांनी धर्म बदलला, पण जीभ कुठे बदलली? घाबरलेला माणूस आईच्याच भाषेत बोलतो. मी म्हटलं,

“वाढव, बाय… लवकर वाढव.”

“हो,” आवाज म्हणाला. खूश झाला तो आवाज. “वाढवते.”

आणि आग एकदम दुप्पट झाली.

त्यानंतरचं मला तुटक आठवतं. खोली उबदार झाली. मी बादलीवरून खाली सरकलो आणि गाल फरशीला टेकवला. फारच बरं वाटलं हो. इतक्या वर्षांनी कुणीतरी माझ्या घरात आहे, आपलं माणूस आहे, आता झोपायला हरकत नाही, असं वाटलं. कुणीतरी शेजारी येऊन बसल्यासारखं झालं. साबणाचा वास आला, ओल्या केसांचा. “झोपू?” असंही कुणीतरी विचारलं. ते मी विचारलं की तिने, हे मला अजून सांगता येत नाही.

डोळे उघडले तेव्हा मी बाहेर वाळूत होतो आणि बाबामियाँ माझ्या तोंडावर पाणी मारत होता. थाळी घेऊन आला होता तो बिचारा. हाका मारल्या, उत्तर नाही, म्हणून आत शिरला आणि मला काखेत धरून ओढत बाहेर काढलं. सिलिंडरही त्यानेच बंद केला होता. मला दोनदा ओकारी झाली. मग त्याने मला खजूर भरवला आणि खाली बसला.

“अर्बाबनं तुला काय सांगितला नाय वाटतं,” तो म्हणाला.

“काय?”

“इथं आमच्या अमीनची बायको ऱ्हायची. जोहरा. लग्नाला वरीस नव्हता झाला. पोर कुवेतला लहानाची मोठी झालेली, इंग्लिश शालेतली. मराठी बोलायची, पन मोजून मापून.” त्याने खजुराच्या बिया हातातल्या हातात फिरवल्या. “अमीन त्या दिवशी सोहारला साइटवर व्हता. पोरीनं फोन केला, ज्योत पिवली झाली, नाचते, काय करू? अमीन बोल्ला, घाबरू नको, दिवा वाढव.”

मी ओलं तोंड बाहीने पुसलं.

“त्याच्या आयशीची बोली ती. घरातला दिवा इझव, असा कोन बोलतो? ती कुवेतची पोर, तिला काय ठाव? तिनं चावी मोठी केली. फोनवर परत आली नि बोल्ली, वाढवला. अमीन बोल्ला, शाबास, आता गार पान्यानं आंघोल कर नि झोप. धुराड्यात सालुंकीचा घरटा व्हता, ते मागनं कललं.” त्याने बिया वाळूत टाकल्या. “मयतीच्या दिवशी तो येवढाच सांगत फिरत व्हता. ती बोल्ली वाढवला, मी बोल्लो शाबास. ज्याला त्याला. मग नोकरी सोडून गावाला गेला.”

मला बाहेर वाळूत बसून थंडी वाजायला लागली.

“तू काय बोल्लास तिला?” बाबामियाँने विचारलं. मला काही ऐकू आलं असं मी त्याला सांगितलंच नव्हतं.

मी सांगितलं. तो थाळीवरचा रुमाल सारखा करत राहिला. मग म्हणाला, “जेव.”

तुम्ही म्हणाल, असं घर सोडून पळायचं सोडून हा तिथे बायको-पोर घेऊन राहिला कसा? तेच मी स्वतःला पुष्कळदा विचारलंय. पण व्हिसा त्या घरावर अवलंबून होता. नाही म्हटलं असतं तर दोघी नंदाखालातच राहिल्या असत्या. आणि माणूस स्वतःला काय वाट्टेल ते पटवू शकतो. विषारी हवा डोक्यात चढली, काहीतरी भास झाला, खिडकी वाऱ्याने लागली असेल. कडी कशी लागली, हे मी स्वतःला विचारलं नाही. हा गीझर काढून टाकला की प्रश्न मिटला, असं ठरवून मी दुसऱ्या दिवशी भर दुपारी गेलो. बाबामियाँ दाराबाहेर तसबीहचे, त्याच्या जपमाळेचे, मणी ओढत उभा राहिला.

सिलिंडर काढला, नळी सोडवली. आता गीझरला गॅस मिळायचं कारणच नव्हतं. झाकण उघडलं, तर आत ती ज्योत होती. निळी, ताठ, न हलणारी.

“वाढवू?”

मला भीती कमी आणि कीव जास्त आली. कुणा आईची लाडाची लेक, परक्या घरात एकटी, नवरा फोनच्या दुसऱ्या टोकाला. ती अजून सांगकाम्यासारखी उभी होती आणि तिला कुणी नीट शब्दात सांगतच नव्हतं. हिला हिच्या मराठीत सांगायला हवं, असं माझ्या मनात आलं. जीभ रेटत नव्हती, तरी मी बोललो.

“नको, बाय. विझव. विझव तो.”

क्षणभर काही झालं नाही. मग ज्योत गेली. कुणी हळूच फुंकर मारावी तशी गेली आणि काजळीचा वास आला.

“विझवला…”

“शाबास,” मी म्हटलं. माझ्या डोळ्यांतून पाणी येत होतं. बाहेर येऊन बाबामियाँला सांगितलं तेव्हा तो पुटपुटला, “अल्ला तिला आराम देवो.” मी त्याच आठवड्यात विजेचा गीझर बसवला. अर्बाबचा माणूस आला, बघून गेला, पसंत म्हणाला.

आणि दोघी आल्या. विमानतळावर अ‍ॅश्लीने माझ्याकडे बघितलं, मग उर्सुलाकडे बघितलं, आणि माझ्या गालाला बोट लावून बघितलं, काच आहे का म्हणून. तो नाताळ मी मरेपर्यंत विसरणार नाही. उर्सुलाने पुठ्ठ्याचा गोठा केला, वाळू होतीच, बाबामियाँने मेंढरांसाठी कापूस दिला. वसईहून आणलेलं इंदेल, म्हणजे आमच्याकडचं आंबट-तिखट मसाल्यातलं मांस, चार दिवस पुरवून खाल्लं.

नाताळच्या दुसऱ्या दिवशी, तिन्हीसांजेला, गोठ्यापुढची मेणबत्ती गेली. उर्सुला म्हणाली, वारा. मी पुन्हा लावली, पुन्हा गेली. मी स्वयंपाकघरात गेलो तर शेगडीवर भात होता आणि खालचा गॅस बंद पडलेला. मी नाक जमिनीशी नेऊन वास घेतला, चावी बंद केली. खाली वाकलेलो असतानाच कानाशी आवाज आला.

“विझवला… आता कुठला विझवू?”

आमच्या मागच्या दाराशी एक राखी मांजर येऊन निजायची. अ‍ॅश्ली तिला ‘मनी’ म्हणायची, तेवढा एक शब्द तिला भारी आवडायचा. दारातून बघितलं तर मनी वेटोळं करून झोपली होती. हात लावला तर अंग गार.

“तो पण विझवला…” आवाज म्हणाला. त्यात दुष्टावा नव्हता हो. काम सांगितलं, ते करते आहे, एवढंच. “आता कुठला?”

माझ्या मागे, स्वयंपाकघराच्या दारात, अ‍ॅश्ली उभी होती. बाहुलीला धरून.

मी म्हटलं, “थांब.”

दुसरा शब्द सुचलाच नाही. नको म्हणालो असतो तर तिने त्याचा काय अर्थ घेतला असता, देव जाणे. बस म्हणालो असतो तर बसली असती का? थांब म्हणालो. कुठेतरी फरशीवर ओलं पाऊल टेकल्यासारखं वाजलं आणि ती थांबली.

दुसऱ्या दिवशी तिन्हीसांजेला पुन्हा. “अजून थांबू?” मी म्हटलं, “हो, थांब.” आणि मग रोज. पुढच्या वर्षी सोहारला नोकरी मिळाली म्हणून देवाचे आभार मानले, घर बदललं, घरात गॅस नाही, काडी नाही, मेणबत्ती नाही. नव्या फ्लॅटमधल्या पहिल्याच संध्याकाळी सामानाच्या खोक्यांमागून तिने विचारलं, “अजून थांबू?” पत्ता कुणी दिला तिला?

तेव्हापासून तिन्हीसांजेला मी कधी घराबाहेर राहिलो नाही. ओव्हरटाइम नाही, पार्टी नाही. आईच्या आजारपणातसुद्धा वसईला गेलो नाही. माणसं मला बायकोच्या पदराला बांधलेला म्हणायची. उर्सुला चिडवायची, “स्वयंपाकघरात कुणाशी गुलुगुलू बोलतोस रे रोज? सवत तर नाही ना आणलीस?” तिला सांगावं असं कितीदा ओठांवर आलं. पण ज्याला सांगितलं त्याच्या घरात ती गोष्ट राहायला जाते. मी एकट्याने ओझं वाहिलं. दोघी माझ्याजवळ होत्या आणि तरी संध्याकाळची ती वेळ आली की मी त्या सहाजणांच्या खोलीतल्यापेक्षा एकटा असायचो.

गेल्या वर्षी कामासाठी खाबुऱ्याला गेलो होतो. दुपारीच निघालो परत, पण डोंगरात पाऊस झाला आणि वादीला, म्हणजे कोरड्या ओढ्याला, लोंढा आला. पाणी रस्त्यावर. अलीकडे गाड्यांची रांग, पलीकडे रांग. फोन लागत नव्हता. माझ्या डोळ्यांदेखत ऊन उतरलं, शेतांतल्या खजुरी काळ्या झाल्या, लोकांनी रस्त्याकडेला चादरी टाकून नमाज पढला. मी स्टिअरिंगला धरून “थांब, थांब” म्हणत राहिलो. शेजारच्या गाडीतला माणूस समजला की मी पाण्याला सांगतोय.

घरी पोहोचलो तेव्हा अ‍ॅश्ली डायनिंग टेबलावर गृहपाठ करत होती. नऊ वर्षांची झाली होती. इंडियन स्कूलमधली पोरं, सगळं इंग्रजीत चालतं त्यांचं, मराठी अडखळत.

“मम्मी कुठाय?”

“मम्मी झोपली आहे. तिचा डोका दुखतो.” मग वहीतून मान वर न काढता म्हणाली, “डॅडी, कोणीतरी आंटी आली होती. किचनमध्ये. ती मराठीत काहीतरी विचारली.”

“काय विचारलं?”

“मला समजला नाही. मग ती परत विचारली. परत परत विचारली. सो… मी ‘हो’ बोलली.” तिने पेन्सिल खाली ठेवली. “डॅडी, ‘विझवू’ म्हणजे काय?”

बेडरूमचं दार लोटलेलं होतं. मी उर्सुलाला हाक मारली. मग पुन्हा मारली.

डॉक्टर म्हणाले, हृदय. झोपेतच गेली, तिला काही कळलं नसेल. लोक सांत्वन करायला येतात तेव्हा हेच सांगतात, काही कळलं नसेल. अ‍ॅश्लीला मी तो शब्द कधी सांगितला नाही. तिला नंदाखालला माझ्या बहिणीकडे पाठवली, ते मनावर दगड ठेवून. म्हटलं, ती बया माझ्यामागे आहे, इथेच राहील, पोर तरी सुटेल. रोज तिन्हीसांजेला मी या स्वयंपाकघरात खुर्ची टाकून बसतो. उत्तर तयार ठेवलंय. तिने ‘कुठला विझवू?’ विचारायचाच अवकाश, ‘माझा’ म्हणून सांगणार आहे.

पण ती विचारत नाही. उर्सुला गेल्यापासून या घरात तो आवाज एकदाही आला नाही.

परवा रविवारी अ‍ॅश्लीचा फोन आला होता. मराठी काय छान सुधारलंय तिचं. आत्याने शिकवलं, शाळेतल्या मुलींनी शिकवलं. चर्चचं सांगितलं, कोंबड्यांचं सांगितलं, आणि मग आवाज लहान करून म्हणाली, “डॅडी, ती आंटी इथे पण येते. संध्याकाळी, आत्या रोजरीला बसते तेव्हा. पण आता मला मराठी येतं ना. ती विचारते, मग मी तिला ‘थांब’ म्हणून सांगते. रोज सांगते, एक दिवस पण विसरत नाही. बरोबर ना, डॅडी?”

मी म्हटलं, बरोबर, बाळा. दुसरं काय सांगणार.